बोलखडा

नाशिक, १६ जानेवारी १९९७

ती. रावजीकाका यांस,
सप्रेम जय भीम.

पेठच्या गाडीचे कंडक्टर धनराज यांनी तुमची पुडी परवा कॉलेजच्या फाटकावर आणून दिली. वरचं अक्षर बघून नेहमीसारखा दचकलो. बाबांना जाऊन दीड वर्ष झालं, तरी तुमचं काही आलं की वाटतं त्यांनीच पाठवलंय. विहिरीच्या कामावर जेवणाच्या सुट्टीत त्यांनी तुम्हाला खडकावर खडूने अक्षरं गिरवायला लावली, हे मला ठाऊक आहे. पण 'र'ची शेपटीसुद्धा त्यांच्यासारखीच काढायची म्हणजे कमाल झाली.

खडा फार देखणा होता. करंगळीच्या पेराएवढा, हिरवागार, आरपार दिसणारा. आत चिठ्ठी तुमची: 'पाणी बघ.' म्हटलं, काका आता आमच्या प्रयोगशाळेची भाषा बोलायला लागले! पहिल्या वर्षाच्या मुलांना आम्ही दगडातलं पाणी दाखवतो. खडा काचेच्या नळीत घालायचा, खाली दिवा धरायचा, थोड्या वेळाने नळीच्या वरच्या भागात थेंब जमतात. त्याला आम्ही 'पाणी बघणं'च म्हणतो. दरवर्षी तुम्ही पाठवलेला एखादा खडा त्या कामी येतो. यंदा हाच घेतला. फोडला असता तर चुरा झाला असता, म्हणून अख्खाच नळीत टाकला.

काल किंक्रांत. बाहेर मैदानावर पोरांचे पतंग, 'काट', 'ढील दे' असा नुसता गलका. मुलांना माझं बोलणं ऐकू जाईना, म्हणून आधी सगळ्या खिडक्या लावून घेतल्या. तरी ओरडणं कुठून तरी येतच होतं. खडा सूं सूं करत उकळला, थेंब जमले, मुलं खूश. आता तो खडूसारखा पांढरा पडलाय. काडेपेटीत ठेवलाय.

मीना आणि मी बरे आहोत. तुमच्या गुडघ्याचं काय? नाशिकला येऊन दाखवा, असं तिने तिसऱ्यांदा लिहायला सांगितलंय.

तुमचा
बुद्धभूषण


करंजदरी, ता. पेठ
१२ जानेवारी १९९७

चि. भूषण यास,
रावजीकाकाचा जय भीम आणि आशीर्वाद.

हे पत्र तुला आधी मिळावे म्हणून आज टपालात टाकतो. खडा दोन दिवसांनी धनराजच्या हाती देईन. वाचून झाल्यावरच पुडी सोड.

दिवाळीच्या पत्रात तू विचारलेस, 'बाबा विहिरीत खाली असताना काय बोलायचे?' तुझ्या पत्रात त्याच्याबद्दलचा हा पहिला प्रश्न. तुझ्या बापाने, कारभारीने, मला सांगून ठेवले होते, 'भूषणने आपणहून माझं काही विचारलं तर हा खडा दे. नाही विचारलं तर राहू दे.' म्हणून देतो आहे.

आमच्या घरातली खड्यांची विद्या तू लहानपणी थोडी पाहिली आहेस. माझ्या आईने, फुलाबाईने, मला शिकवली ती अशी. विहिरीत खडक फुटून पोकळी उघडली की आत तीन जातीचे खडे सापडतात. पांढरा सुईखडा पाण्याची वाट दाखवतो. जिथे झरा जवळ असेल तिथे त्याच्या सुया ओलसर होतात. गुलाबी तापखडा उशाखाली ठेवला की ताप ओढून घेतो, सकाळी त्याला वाहत्या पाण्यात धुवायचे. आणि हिरवा बोलखडा. तो जिथे निघाला तिथेच, ऊन लागायच्या आत, त्याच्याजवळ तोंड नेऊन बोलले तर बोल त्याच्या पाण्यात राहतो. मंद आचेवर ठेवला की पाणी सुटते आणि त्याबरोबर बोल सुटतो. एकदाच. मग खडा मुका. विकलेला खडाही मुका होतो, म्हणून दुकानातले नुसते चमकतात.

तू म्हणशील, काका, हे कुठले शास्त्र. तुझा बापही आधी हसला होता. मग म्हणाला, 'चुंबक लोखंड ओढतो, तसा हा दगडाचा गुण असेल. गुणाला हात जोडायचे नाहीत, पण गुण आहे हे मानायचं.'

या खड्यात कारभारीचा बोल आहे, तुझ्यासाठी. खडा जुना आहे, निफाडकडच्या एका द्राक्षवाल्याच्या विहिरीतला. पुडीत चिठ्ठी टाकीन, 'पाणी बघ' म्हणून. म्हणजे आल्यावर त्याची चमक बघ. पांढुरका वाटला तर ओल्या फडक्यात ठेव. मग घरी, दारे लावून, तव्यावर मंद आच दे. मीनालाही बसव. जास्त काही नसेल, खड्यात एका दमाएवढेच मावते.

रावजी


नाशिक, २० जानेवारी १९९७

काका,

तुमचं बारा तारखेचं पत्र काल, एकोणीसला मिळालं. माझं सोळाचं तुम्हाला एव्हाना मिळालं असेल. मी काय केलं ते तुम्हाला कळलं असेल.

मला बोलखडा वगैरे पटतं की नाही, हे मी आता स्वतःलाच विचारत नाही. रात्रभर एकच डोक्यात आहे. त्यांनी माझ्यासाठी काही ठेवलं होतं आणि मी ते चाळीस मुलांसमोर उकळून टाकलं.

तुम्हाला एक गोष्ट कधी सांगितली नाही. चौऱ्याण्णवच्या दिवाळीत डॉक्टरांनी सांगितलं, दगडाच्या धुळीने छाती भरलीय, आता विहीर बंद. मी बाबांना म्हणालो, 'पुन्हा खाली उतरलात तर मी तुमच्याशी बोलणार नाही.' ते होळीच्या आधी कुठेसे महिनाभर गेले आणि खोकत परत आले. चपलांना दगडाची पूड होती. मी शब्द पाळला. एका घरात, एका ताटलीतल्या भाकरी खात, चार महिने मी त्यांच्याशी बोललो नाही. मीनाकडून निरोप. 'बाबांना विचार, चहा घेणार का.' शेवटी दवाखान्यात मी बोलायला गेलो, तर घशातल्या नळीमुळे त्यांना बोलता येत नव्हतं.

ते माझ्यावर रागावून गेले की नाही, एवढंच मला हवं होतं. तेवढंच त्या खड्यात असणार.

भूषण


करंजदरी, १ फेब्रुवारी १९९७

चि. भूषण,

पहिली चूक माझी. 'चमक बघ' लिहायला हवे होते. आमच्यात खड्याची चमक म्हणजे त्याचे पाणी. तुमच्यात पाणी म्हणजे पाणी. दोन शब्दांची चिठ्ठी, आणि तीही शिकवली तुझ्या बापाने. 'थोडक्यात लिहावं, रावजी, शाई वाचते.' बघ वाचलेली शाई.

पण ऐक. बोल नळीत जळत नाही. तो मोठ्याने बाहेर पडतो, माणूस बोलतो तसाच. तिथे कोणाच्या तरी कानावर पडला असणार. कोण कोण होते? आठवून बघ. मुलांना विचार.

आणि तो रागावून गेला नाही. हे मी सांगतो म्हणून नको मानूस, पण मी सांगतो.

नाचणीचे पीठ धनराजकडे दिले आहे. हे मात्र खुशाल तव्यावर टाक.

रावजी


नाशिक, २ मार्च १९९७

काका,

मुलांना विचारलं. कोणी काही ऐकलं नाही. एक जण म्हणाला, 'सर, तुम्ही स्वतःच एवढं बोलत होता.'

आता माझा एक प्रश्न. तुम्ही लिहिलं होतं, खडा निफाडकडचा, जुना. आमच्या प्रयोगशाळेतल्या खड्यांच्या कपाटांची देखभाल मी नऊ वर्षं करतोय. निफाडला तुम्ही दोघांनी ज्या विहिरी खणल्या, तिथले सगळे खडे माझ्याकडे आहेत. त्यांना चिकटलेला दगड करडा आहे. या खड्याच्या बुडाला तांबूस दगड आहे. भिंगाखाली तीनदा पाहिला. तसा दगड तुमच्या शाळेच्या मागच्या विहिरीत निघाला. तुम्हीच मागे नमुना पाठवला होता.

ती विहीर पंच्याण्णवच्या होळीआधी खणली. म्हणजे बाबा तेव्हा तुमच्याकडे होते. डॉक्टरांनी नाही म्हटलेलं तुम्हाला माहीत होतं, मीच कळवलं होतं. तुम्ही त्यांना बोलावलंत का?

भूषण


करंजदरी, ३० मार्च १९९७

चि. भूषण,

चार वेळा लिहिले आणि फाडले.

होय. मी बोलावले.

सुईखड्याने शाळेमागे पाणी दाखवले होते. सहा परस खाली गेलो, म्हणजे सहा माणसे एकावर एक उभी राहतील इतके. खाली कातळ लागला. पाणी नाही. बायका दोन कोस उतरून ओहोळावरून हंडे आणत होत्या. कुसाबाई पाय घसरून पडली, कमरेचे हाड मोडले. गावाने मला विचारले, 'रावजी, तुझा खडा खोटा की तू खोटा?' सुरुंगाचे भोक कुठे मारायचे ते कातळाकडे बघून सांगणारा एकच माणूस मला ठाऊक होता. मी लिहिले, 'खाली उतरू नको. फक्त वरून बघून सांग.'

तो आला. काठावर बसून अर्धा दिवस बघत राहिला. मग म्हणाला, 'वरून काय दिसतंय, घंटा?' आणि चपला काढल्या. मी दोर धरून बसलो, देत नव्हतो. तो म्हणाला, 'तू धरशील तर जपून उतरेन. दुसरा कोणी धरेल तर कसाही उतरेन. ठरव.' मी धरला.

सातव्या परसाला पाणी लागले. त्याच खेपेला पोकळी उघडली आणि हिरवा खडा निघाला. तो वर आला तेव्हा खडा त्याने ओल्या पंच्यात गुंडाळून काखेत धरला होता. आज अख्खे गाव ते पाणी पिते. आणि तो श्रावणात गेला.

तुला खरे सांगितले तर तुझे पत्र यायचे बंद होईल, ही भीती होती. त्याच्यामागे मला पत्र लिहिणारा तू एकटाच. म्हणून निफाड लिहिले. दगडाने माझी चोरी पकडली, चांगले झाले.

तो सांगायचा, 'बोलताना नाय बोल, लिहिताना नाही लिही.' आज मला तेही भान नाय.

रावजी


नाशिक, १८ ऑगस्ट १९९७

ती. रावजीकाका यांस,
जय भीम.

तुमचं पत्र येऊन साडेचार महिने झाले, मी लिहिलं नाही. तुम्ही दोनदा धनराजांकडे पीठ दिलंत, आत चिठ्ठी नव्हती. मीना म्हणाली, 'बाप-लेकाचं झालं तेच आता काका-पुतण्याचं चाललंय. निरोप सांगायला मी आहेच, नाही का?'

राग होता. मग एप्रिलमध्ये, न सांगता, मी करंजदरीला येऊन गेलो. विहिरीवर बायका पाणी भरत होत्या. मी बाबांचा मुलगा हे सांगितलं नाही, नुसता पेला मागितला. पाणी प्यायलो आणि दुपारच्या गाडीने परतलो. तुमच्या दारापर्यंत पाय गेले नाहीत, माफ करा. पण त्या पाण्यानंतर राग धरायला जमेना.

आता लिहायचं कारण वेगळं आहे. आमच्याकडे चतुराबाई आहेत, प्रयोगशाळेतली काचेची भांडी धुतात. परवा मी त्या काडेपेटीतला पांढरा खडा बघत बसलो होतो. त्या म्हणाल्या, 'हा बोलला होता तोच ना?' मी विचारलं, 'कधी?'

किंक्रांतीच्या दिवशी त्या मोरीपाशी उभ्या होत्या. म्हणाल्या, 'तुमच्या नळीतनं बाप्या माणसाचा आवाज आला, "ढील दे, भूषण". मी दचकून वळले. सरांना एकेरी हाक कोण मारतंय?'

मी म्हटलं, 'अहो, ते बाहेर पोरं पतंग उडवत होती.'

'खिडक्या तुम्हीच लावल्या होत्या की आधी. आणि पतंगवाल्या पोरांना तुमचं नाव काय ठाऊक?'

'मग तेव्हा का नाही सांगितलंत?'

'सांगून काय? दगड बोलला म्हटलं असतं तर तुम्ही मलाच कपाटात ठेवलं असतं.'

काका, तो आवाज मीही ऐकला होता. पतंगाचा समजून सोडून दिला.

तर हे होते त्यांचे शब्द. ढील दे, भूषण. दोन दिवस त्याचा अर्थ लावतोय. सोडून दे, असंच ना? माझा नाद सोड. मी तुला सोडलं, तूही मला सोड. राग नाही, पण माया तरी कुठे आहे त्यात? तुम्ही तिथे होतात. तुम्हाला काय वाटतं?

भूषण


करंजदरी, २९ ऑगस्ट १९९७

चि. भूषण,

पतंगवाल्यांच्या गावात राहून तुझी भाषा बिघडली. चौदा वर्षांचा असताना तू सुट्टीत माझ्याबरोबर आठ दिवस दोरावर बसला होतास. विसरलास?

विहिरीत दोन शब्द वेगळे असतात. 'सोड' म्हणजे दोर हातातून सोड. रिकाम्या टोपलीला म्हणतात. माणूस दोराला असताना 'सोड' कोणी म्हणत नाही, चुकून म्हटले तर मार खातो. 'ढील दे' म्हणजे दोर हातातच ठेव, पण ताण कमी कर. ताणून धरलास तर खालच्या माणसाला पाऊल टाकता येत नाही. वरचा म्हणतो, 'धरलाय.' ते ऐकल्यावरच खालचा पाय उचलतो. ज्याच्यावर भरवसा नाही त्याच्याकडे कोणी ढील मागत नाही.

आता दुसरे ऐक. तुझे पत्र वाचून मी ओट्यावर बसून राहिलो, सून विचारायला लागली काय झाले. कारण मीही ते ऐकले होते.

पोकळी उघडली त्या दिवशी मी वर दोरावर. थोडा वेळ खाली सामसूम. मग आवाज आला, 'ढील दे.' पुढे काहीतरी अजून म्हणाला, मला 'भूषण' ऐकू आले. मला वाटले, दमलाय, नाव चुकतोय. मी ओरडलो, 'मी रावजी आहे रे! धरलाय!' आणि दोन हात ढील दिली. तर खालून हसण्याचा आवाज. हसता हसता खोकला. मग म्हणतो,

'तुला नाय रे, रावजी.'

अडीच वर्षे मी समजत होतो की तो माझी थट्टा करत होता.

तू त्याच्याशी बोलणार नाहीस हे ठाऊक असताना तो खाली उतरला. उतरल्यावर तुझ्याकडे ढील मागितली. तू दोर सोडशील असे त्याला वाटले असते तर मागितली नसती. मला एवढेच कळते. शास्त्र तू बघ.

मुका खडा फेकू नको. आई सांगायची, आपल्याच पोकळीत परत ठेवला आणि आपल्याच विहिरीचे पाणी प्यायला, तर तो पुन्हा भरतो. जुना बोल परत येत नाही. नवा घेतो. मी कधी केलेले नाही. वैशाखात पाणी उतरले की पोकळी उघडी पडते. तेव्हा ये. या वेळी दारापर्यंत ये.

रावजी


नाशिक, २० एप्रिल १९९८

काका,

रविवारी सकाळच्या गाडीने दोघंही येतोय. काडेपेटी खिशात आहे. मीना विचारते, चौदा वर्षांच्या पोराला झेपलेला दोर आता या पोटाला झेपेल का? मी तिला सांगितलं, दोराचं नको विचारूस, गुडघ्याचं विचार. धरणारे काकाच आहेत ना?

चतुराबाईंना यायचं होतं, रजा मिळाली नाही. त्यांनी निरोप दिलाय, 'खाली जाऊन नीट बोला, सर. वर्गात बोलता तसं लांबवू नका.'

भूषण


करंजदरी, १५ नोव्हेंबर १९९८

चि. भूषण व सौ. मीना यांस,
जय भीम.

यंदा पाऊस उशिरापर्यंत रेंगाळला, म्हणून कळवायला वेळ लागला. गेल्या आठवड्यात पाणी निवळले आणि पाण्याखाली पोकळीचे तोंड दिसले. माझा मुलगा मोतीराम पोहणारा आहे, त्याला उतरवले. हात लावू नको, नुसते बघून ये म्हटले. वर येऊन म्हणाला, 'बाबा, हिरवा आहे. पाण्यातल्या शेवाळासारखा नाही, काचेसारखा.'

काढला नाही. तिथेच राहू दे. त्याचे पाणी चांगले आहे. चमक, चमक.

एक कबुली राहिली. त्या रविवारी तू वर आलास, डोळे पुसलेस आणि मला विचारलेस, 'काका, खालचं काही ऐकू आलं का?' मी नाही म्हटले. हे माझे तुझ्याशी दुसरे खोटे बोलणे. विहीर म्हणजे कर्णाच आहे, सगळे वर येते.

तू पोकळीत खडा ठेवलास, तोंड जवळ नेलेस आणि म्हणालास, 'धरलाय, बाबा.'

खालचा माणूस 'धरलाय' म्हणत नाही, हे तुला शिकवलेले आहे. ते वरच्याने म्हणायचे असते. एरवी चूक काढली असती. पण मी दोर तसाच हातात ठेवला, ढील दिली आणि वरून काही बोललो नाही. ते मला नव्हते.

रावजी